ऑर्किडचे फवारे आणि ‘आपल्याकडे’

मंडळी, आज डोकं फिरलंय.

आमच्या सांडोर गावातल्या वाडीत ऑर्किडच्या मांडवाला बारीक तुषारांचे फवारे आहेत. गेल्या आठवड्यात शाळासोबती नितीनने याच कम्युनिटीवर मला लिहिलं, "आपल्याकडे थंडीत नळ्यांत पाणी राहिलं की पाइप फुटतात. सगळं पाणी काढून टाक, फवारे बंद ठेव."

नितीन आता कॅनडात असतो, पण शेजारच्याच केळीच्या वाडीत वाढलेला. मी डोळे झाकून ऐकलं. आई म्हणत होती, "अरे, थंडीत वारा कोरडा असतो, पाणी कसलं बंद करतोस?" मी तिलाच गप्प केलं.

आज सकाळी बघतो तर पानं सुरकुतलेली, कळ्या गळून पडलेल्या. तडक नितीनला फोन लावला. तो हसायलाच लागला. "अरे, मी इथल्या बर्फाचं सांगत होतो. तिकडे कशाला पाइप फुटतील?"

फवारे पुन्हा सुरू केलेत. थोडी झाडं वाचतील.

पण ज्याच्या घराची कौलं माझ्या मांडवातून दिसतात, तो सांडोरला ‘तिकडे’ म्हणाला.

बाहेरगावी असलेल्यांनो, खरं सांगा. ‘आपल्याकडे’ लिहिताना तुमच्या डोळ्यांसमोर नेमकं कोणतं घर असतं?