शवपेटीतली मिसेस क्रम्प

हेझल उद्या त्या कामाला हो म्हणणार, ही धास्ती इनिडबाईंना सकाळपासून सोडत नव्हती. चर्च झालं, मांस भाजून झालं, रविवारचं जेवण आटोपलं, तरी ती गेली नव्हती. पन्नाशी उलटलेली त्यांची लेक टेबलाशी बसून संहिता चाळत होती. कुणाला आपला त्रास नको, असं ते नेहमीचं हसू तिच्या तोंडावर होतं.

"परत एकदा सांग," इनिडबाई म्हणाल्या.

"मिसेस क्रम्प वारलीय. तिची पेटी दारातून बाहेर निघत नाही. उचलणारे अडकतात, तळ सुटतो आणि मी पायऱ्यांवरून गडगडत लेनर्डच्या पायाशी येते. नाताळचा खास भाग आहे, आई. सगळा देश बघेल."

"आणि तू बोलतेस काय?"

"मेलेली बाई काय बोलणार?"

इनिडबाईंनी रुबार्बच्या आंबटगोड टार्टची बशी बाजूला सारली.

ही तीच हेझल होती, जिने विशीत हॅरोगेटच्या नाटक कंपनीत साठीची विधवा उभी केली होती. ऐन जानेवारीत, सगळं गाव खोकत असताना, तिच्या शेवटच्या प्रवेशाला थिएटरात कुणी खोकलं नव्हतं. मग टेलिव्हिजनवाल्यांनी तिला बोलावलं. आधी दारूच्या गुत्त्यातली पोरगी, मग बेडपॅन सांडणारी नर्स, आणि शेवटी लेनर्ड पिमच्या मालिकेतली लठ्ठ शेजारीण, मिसेस क्रम्प. नऊ वर्षं चालली ती मालिका; बंद पडून आता सोळा वर्षं झाली होती. सुरुवातीला हेझलच्या कोटाखाली कापसाची गादी बांधत. पुढे एकदा कपडेपटातली बाई सगळ्यांदेखत म्हणाली, "गादी आता घरूनच घेऊन येतेस की गं." हेझलही हसली. ती गोष्ट तिनेच घरी येऊन हसत सांगितली होती. इनिडबाईंना त्या रात्री जेवण गेलं नाही.

त्या एकदाच चित्रीकरणाला गेल्या होत्या. प्रेक्षकांत बसल्या. हेझल बागेतल्या खुर्चीवर बसली, खुर्ची मोडली, सगळे खिदळले. पण कॅमेऱ्यात काहीतरी चुकलं होतं. दुसऱ्यांदा पाडलं, तर लोक कमी हसले, कारण गंमत आधीच कळलेली. मग प्रेक्षकांना हसतं ठेवायला नेमलेला माणूस पुढे आला. "मंडळी, आत्ता पहिल्यांदाच बघताय तसं हसा हं," म्हणाला. तिला पुन्हा पाडलं. त्या वेळी हेझलने कंबरेवर हात दाबलेला इनिडबाईंनी पाहिला. शेजारची बाई डोळे पुसत म्हणाली, "मेली कशी पिंपासारखी पडते."

"माझी मुलगी आहे ती."

"अय्या, हो का? मग सही मिळेल?"

तेव्हापासून टेलिव्हिजनवरचं ते हसू ऐकलं, की इनिडबाईंच्या अंगावर कुणीतरी ओलं फडकं टाकल्यासारखं व्हायचं.

"तुझी कंबर?" त्यांनी आता विचारलं.

"पायऱ्यांवर गादी घालणार आहेत."

"डॉक्टर काय म्हणाले होते?"

"आई, सोळा वर्षांत मला कुणी मोठं काम दिलेलं नाही. नाही म्हटलं तर म्हणतील, हेझल नखरे करायला लागली. आपल्यात कोण कुठे तमाशा करतं?"

"लेनर्डला हे चालतं?"

हेझलने पानं नीट जुळवली. "त्याने वाचलं असेल की नाही कोण जाणे. तो फक्त स्वतःची वाक्यं वाचतो. त्याने नाही म्हटलं, तर पेटी उद्याच जाईल. एकदा मालिकेतल्या कुत्र्याला त्याच्यापेक्षा जास्त हशा मिळाला, तर पुढच्या आठवड्यात कुत्राच गायब. पण मी नाही त्याला सांगणार."

"मी सांगते."

"तू?"

"याच टेबलाशी बसून तीन-तीन तुकडे टार्ट खायचा तो. 'मिसेस थ्रॉसेल, मला दत्तक घ्या,' म्हणायचा."

हेझलचं हसू पहिल्यांदाच मावळलं. "आई, पन्नाशीच्या बाईची आई फोन करते? माझी काय शोभा होईल? तू त्याला फोन केलास ना, तर मी नाताळला येणार नाही. खरंच सांगते."

मग तिने कोट घातला, आईच्या गालाला गाल लावला आणि "टार्ट छान झालं होतं" म्हणून बसकडे निघाली. टार्टला तिने हात लावला नव्हता. फाटकाशी उतरताना तिने एक हात कठड्यावर आणि दुसरा कंबरेवर ठेवला. तीन पायऱ्या होत्या; तिसरीवर ती जरा थांबली.

रस्त्यातून जाणाऱ्या कुणीतरी हाक मारली, "ओ मिसेस क्रम्प, सांभाळून! फरशी फुटेल!" हेझल वळली, तिने ठरल्यासारखे गाल फुगवून डोळे फिरवले, आणि तो खूश होऊन गेला.

खिडकीतून बघणाऱ्या इनिडबाईंनी पडदा सोडला. अशी शिसारी त्यांना त्या प्रेक्षागृहातही आली नव्हती. तो हाक मारणारा माणूस वाईट नव्हता, म्हणूनच तर.

लेनर्ड दर नाताळला कार्ड पाठवायचा. खाली फोन नंबर, आणि टार्टची आठवण. कार्डं खणातच होती. पेटी नको, आणि हेझलला बोलायला काहीतरी दे, एक पानभर तरी, एवढंच म्हणायचं. कंबरेचं सांगायचं. रडायचं नाही.

हेझल येणार नाही म्हणाली, तर येणार नाही. नाताळचं पुडिंग एकटीने खाता येतं. त्यांनी चष्मा लावला आणि रिसीव्हर उचलला.