नवव्या अध्यायाच्या जागी डायनासोर

घाटकोपरच्या भटवाडीत रुक्मिणी राणे कुठे राहतात असं विचारलं, तर लोक विंगसुद्धा सांगत नाहीत. "त्या पारायणवाल्या काय? सातवा मजला. लिफ्ट चालू असेल तर नशीब," एवढंच सांगतात.

माहेर मालवणकडचं, कट्टा गावचं. ती लग्न होऊन आली तेव्हा टेकडीच्या उतारावर पत्र्याची खोली होती. सासरे गिरणी बंद पडल्यापासून घरी बसलेले, घरात दोन दीर आणि एक नणंद, आणि पाणी सगळ्यांच्या नळाचं. त्या नळावर रुक्मिणीने आपला आवाज कमावला. पुढे पत्रे गेले, इमारत आली, दीर विरारला गेले, नणंद नांदायला गेली आणि मुलगी दीप्ती लग्न होऊन बोरिवलीला. आवाज मात्र होता तिथेच राहिला. वॉचमनपासून गॅसवाल्यापर्यंत सगळ्यांना तो ठाऊक होता. ती उगाच चिडायची नाही, पण खोटं बोललेलं कळलं की समोर कोण आहे हे बघायची नाही. "चुकलात तर सांगा, चुकलो म्हणून. मला वेड्यात काढू नका," हे तिचं ठरलेलं वाक्य.

देवाचं सगळं तिच्या मनापासून. सकाळी देवपूजा झाल्याशिवाय तोंडात पाणी नाही. आणि गेली काही वर्षं ती साखळी पारायण चालवते. म्हणजे काय, तर पोथीचे सोळा अध्याय सोळा जणांनी वाटून घ्यायचे. गुरुवारी सकाळी आंघोळ करून, दिवा लावून, ज्याने त्याने आपापल्या घरी आपला अध्याय वाचायचा आणि मोबाइलवरच्या ग्रुपमध्ये लिहायचं, 'अमका अध्याय पूर्ण'. सोळाही पूर्ण आले की रुक्मिणीच्या घरी नैवेद्य आणि आरती. कुणासाठी करायचं ते आधी ठरतं. बुधवारी संध्याकाळी नारळावर हात ठेवून संकल्प होतो आणि त्यात वाचणाऱ्यांची नावं घेतली जातात. एकदा नाव घेतलं की बदलायचं नाही. एक अध्याय राहिला तर साखळी तुटली, बाकीच्या पंधराजणांचं वाचन असून नसल्यासारखं.

त्या गुरुवारचं पारायण नीलमसाठी होतं. नीलम परब चौथ्या मजल्यावरची, रुक्मिणीपेक्षा पंधरा वर्षांनी लहान, नवरा बोटीवर. पोटात गाठ निघाली होती आणि शुक्रवारी सकाळी ऑपरेशन होतं. बुधवारी हॉस्पिटलात दाखल व्हायला निघाली तेव्हा पिशवी खांद्याला लावून ती लिफ्टपाशी रडायलाच लागली. "वहिनी, मला भूल देतात त्याचीच भीती वाटते. परत जागी नाही झाले तर?"

रुक्मिणीने तिचे दोन्ही हात धरले. "गप. तू परवा आत जाशील ना, सोळाच्या सोळा अध्याय तुझ्या पाठीशी असतील. हा माझा शब्द आहे. एक कमी पडला तर मला विचार."

आणि त्याच संध्याकाळी मुलुंडच्या द्रौपदीबाईंचा फोन आला. गावी चुलत सासरे गेले, सुतक आलं, नववा अध्याय त्या वाचू शकत नाहीत. आयत्या वेळी माणूस कुठून आणणार? रुक्मिणीने नारळावर हात ठेवला आणि नवव्या अध्यायापुढे नाव घेतलं, चंद्रप्रकाश राणे. घरातलाच माणूस. रिटायर झालेला, सकाळी दुसरं काम नाही.

चंद्रप्रकाश तेव्हा टीव्हीसमोर होते. "काय? मी?" एवढंच म्हणाले.

"तुम्हीच. अर्ध्या तासाचं काम आहे. पोथी तुमच्या फोनवर पाठवलीय. माझं पुस्तक मला लागेल."

गुरुवारी सकाळी ते आंघोळ करून, नेहमीपेक्षा स्वच्छ बनियन घालून, फोन घेऊन आतल्या खोलीत गेले आणि दार लोटलं. रुक्मिणीने आपला पहिला अध्याय पहाटेच वाचला होता. ती सोवळ्याने नैवेद्याला लागली. वरणभात, भेंडीची भाजी, तांदळाची खीर. ग्रुपमध्ये एकेक पूर्ण येत होतं. नऊ वाजेपर्यंत पंधरा आले. नववा नाही.

हाक मारून वाचन मोडायला नको म्हणून तिने ह्यांना मेसेज टाकला, 'किती राहिलं?' एकच टिक. थोड्या वेळाने रिंग केली, तर बाई म्हणाली, ती व्यक्ती सध्या कव्हरेज क्षेत्राच्या बाहेर आहे. लोटलेल्या दाराच्या पलीकडे बसलेला माणूस कव्हरेजच्या बाहेर! मग तिच्या लक्षात आलं की ह्यांनी नेटवर्कच बंद करून ठेवलंय. कुणाचा फोन येऊ नये, मन लागावं म्हणून. तिचा ऊर भरून आला. इतक्या वर्षांत आरतीला टाळीसुद्धा दुसरीकडे बघत वाजवणारा माणूस, आणि आज बघा! अंधेरीच्या सपनाने ग्रुपमध्ये विचारलंच होतं, 'नववा कुठे अडकला गं?' रुक्मिणीने ऐटीत लिहिलं, 'हे वाचतायत. फोनसुद्धा बंद ठेवलाय. घाई नको.'

साडेनवाला आला एकदाचा. 'नववा अध्याय पूर्ण.' पुढे हात जोडलेलं चित्र. पाठोपाठ चंद्रप्रकाश बाहेर आले, फोन चार्जिंगला लावला आणि "विड्याची पानं आणि केळी आणतो," म्हणून खाली गेले.

रुक्मिणीने नैवेद्याचं ताट वाढलं. नीलमला पाठवायला त्याचा फोटो काढायचा होता. तिच्या फोनची जागा भरलेली, म्हणून तिने ह्यांचा फोन उचलला आणि उघडला.

पडद्यावर डायनासोर उभा होता. करड्या रंगाचा, चिमुकला, निवडुंगावर आपटून डोळे वटारलेला. वरच्या कोपऱ्यात आकडा, चार हजार आणि काहीतरी.

आधी तिला वाटलं जाहिरात असेल. तिने बोट लावलं, तर तो पळायलाच लागला आणि पुढच्या निवडुंगावर आपटला. मग तिने पोथी शोधली. आपणच पाठवलेली फाइल, आणि तिच्यावर खाली तोंड केलेला बाण तसाच. म्हणजे ती फाइल फोनवर उतरवलीच नव्हती. उघडायचा प्रश्नच नाही.

होळीच्या सुमाराला ह्याच खेळापायी ह्यांनी दूध उतू घालवून पातेलं जाळलं होतं. तेव्हा तिच्यासमोर बसून सगळे खेळ पुसले होते. "बघ, संपलं," म्हणाले होते. आता ती फोन उलटापालटा करून शोधायला लागली. पहिल्या पानावर काही नाही. दुसऱ्यावर बँक, गॅस, हवामान. तिसऱ्या पानावर एकच फोल्डर, नाव 'आरती'. तिने उघडला. कॅरम, लुडो, रंगीत गोट्या फोडायच्या, आणि फळं कापायची सुरी.

देवाच्या नावाखाली. रुक्मिणीने हातातला पदर कमरेला खोचला.

चंद्रप्रकाश केळी घेऊन आले तेव्हा ती दारातच उभी होती, फोन पुढे धरून.

"हे काय आहे?"

त्यांनी बघितलं, चप्पल काढायचं विसरले. "अगं, तो नेट नसलं की आपोआप येतो."

"आपोआप चार हजार उड्या मारतो?"

"रुक्मिणी, लोक ऐकतायत."

"ऐकू देत! नववा अध्याय वाचलात?"

त्यांनी केळी या हातातून त्या हातात घेतली.

"वाचलात का विचारते मी!"

"सुरुवात करणार होतो," ते म्हणाले. "फाइल उतरेना. मग म्हटलं दोन मिनिटं..."

"फाइलीला बोट तरी लावलंत? नेट बंद करून फाइल उतरते? तुमका जराय लाज नाय?" राग टोकाला गेला की तिच्या तोंडी माहेरची बोली यायची. "थंय ती बाय पोटावर सुरी घेवक निजली हा, नि तुमी हंय डायनासोर नाचयतास! आणि वर पूर्ण म्हणून लिवलास! हात जोडून!"

"पुसून टाकतो. आत्ता पुसतो सगळे."

"पुसाच. हा आधी."

"हा पुसता नाही येत," चंद्रप्रकाश म्हणाले आणि बोलता बोलता त्यांच्या चेहऱ्यावर जरा तेज आलं. "हा फोनच्या पोटातच असतो. आणखी एक आहे, सेटिंगमध्ये. त्या आवृत्तीच्या आकड्यावर टकटक करत राहिलं ना, की..."

"अहो!"

समोरच्या दाराची कडी वाजली आणि परत लागली.

चंद्रप्रकाशनी केळी टेबलावर ठेवली आणि खुर्चीत बसले. "हे बघ, खरं सांगू? मला नाही पटत हे. नीलमला रक्त लागलं तर आत्ता जाऊन देतो. रात्रभर हॉस्पिटलात बसायला सांग, बसतो. पण मी पोथी वाचल्याने तिची गाठ नीट निघणार, हे मला नाही पटत."

"मग हे काल बोलायला काय झालं होतं?"

"तू विचारलंस कुठे? नाव घेऊन मोकळी झालीस."

हे बरोबर लागलं. विचारलं नव्हतं खरं. पण त्याने राग कमी व्हायच्या ऐवजी वाढलाच.

"नाही विचारलं. मग ओरडायचं होतंत माझ्यावर, नाही वाचणार म्हणून. मी सपनाच्या नवऱ्याचं नाव घेतलं असतं. तुमचा विश्वास नाही ना, नसू दे. चाळीस वर्षं नव्हता, मी काय तुम्हाला देव्हाऱ्याला बांधलं? पण 'पूर्ण' लिहिलंत. पंधराजणी पहाटे उठून वाचून बसल्यात, त्यातल्या दोघी कामावर उशिरा जातायत. त्या सगळ्यांना वेड्यात काढलंत. आणि मी त्या पोरीला शब्द दिलाय!"

ताटातली खीर निवत होती. सगळ्यांना आरतीची वेळ कळवून झाली होती. एक सोपा रस्ता होता, तिलाही दिसत होता. गप्प राहायचं. कुणाला कळणार होतं? नीलम सोळा अध्याय पाठीशी आहेत असं समजून उद्या आत गेली असती. रुक्मिणीने देव्हाऱ्याकडे बघितलं नाही. तिने स्वतःचा फोन घेतला आणि ग्रुपमध्ये लिहिलं, 'नववा अध्याय झालेला नाही. ह्यांनी खोटं लिहिलं. आरती थांबवली आहे. माफी असावी.'

मग सपनाचा आवाजी मेसेज आला. "काय गं रुक्मिणीताई, फोन बंद ठेवून वाचत होते ना भावोजी? दुसऱ्यांना नियम शिकवतेस, आधी घर बघ की! आता आम्ही परत सगळ्यांनी वाचायचं का?" मागून कुणाचं तरी हसू ऐकू येत होतं. रुक्मिणीने तो चंद्रप्रकाशच्या समोर धरून पूर्ण ऐकवला. त्यांची मान खाली गेली.

आणि मग नीलमचा फोन. ग्रुपमध्ये तीही होती, हे रुक्मिणीच्या ध्यानातच नव्हतं.

"वहिनी, कशाला लिहिलंत?" नीलमचा आवाज चिडका होता. "मला कळलंच नसतं तर बरं झालं असतं. आता उद्या मी हेच डोक्यात घेऊन आत जाऊ?"

"मग खोटं सांगून पाठवू तुला?"

"मला नाही माहीत! तुम्ही शब्द दिलात, तुम्हीच बघा." मग ती म्हणाली, "दुपारी भूल देणारे डॉक्टर येणार आहेत तपासायला. त्याआधी सांगा काय ते. आणि खोटं खोटं नको हां, वहिनी."

रुक्मिणीने फोन ठेवला, आपलं पोथीचं पुस्तक उचललं आणि चंद्रप्रकाशच्या पुढ्यात आदळलं नाही, पाटावर ठेवलं. पाट ओढताना मात्र फरशी किंचाळली.

"नाव तुमचं घेतलंय. माझ्या तोंडून चालत नाही. बसा."

"मला पटत नाही म्हटलं ना."

"पटवून घ्यायला कोण सांगतंय? खोटं खोटं नको म्हणालीय ती. विश्वास नसेल तर नसेल, तोंड आहे ना? मोठ्याने वाचा. मला इथे ऐकू आलं पाहिजे."

चंद्रप्रकाश बसले. पुस्तक उघडलं. चष्मा शोधला, तो कपाळावरच होता. जुनी भाषा, लांब ओव्या, दुसऱ्या ओळीलाच अडखळले. रुक्मिणी ओट्याशी उभी राहून नवी खीर ढवळत होती. पहिली तिने नैवेद्यातून काढून ठेवली होती. "परत," ती म्हणाली. त्यांनी परत वाचलं. "शब्द खाऊ नका." "अगं, दमाने." "पंधराजणींनी दम धरलाय म्हणून वाचताय तुम्ही. पुढे." कुठेतरी मध्यावर त्यांचा आवाज बसला, त्यांनी पाणी मागितलं. तिने तांब्या नेऊन ठेवला, तोंडाकडे बघितलं नाही. समोरच्या दाराची कडी पुन्हा उघडली ती या वेळी लागली नाही.

शेवटची ओवी झाली तसं चंद्रप्रकाशनी सवयीने फोन उचलला, 'पूर्ण' लिहायला.

"ठेवा तो खाली. तुमच्या लिहिण्यावर आता कुणी विश्वास ठेवत नाही." रुक्मिणीने स्वतः लिहिलं, 'नववा अध्याय पूर्ण. मी अथपासून इतिपर्यंत ऐकला आहे.' सपनाने नुसता अंगठा पाठवला. आरती झाली. चंद्रप्रकाश टाळ्या वाजवत होते, बघत मात्र समोर होते.

तिने नीलमला फोन लावला. "झाला गं. सोळा झाले."

"भावजींनी वाचला? खरंच?"

"शिव्या खाऊन वाचला. इमारतीने ऐकलाय, साक्षीला हवा तो माणूस घे."

पलीकडे नीलम हसली, मग हसता हसता तिचं नाक ओढल्याचा आवाज आला. "डॉक्टर आले वहिनी, ठेवते."

पानं वाढली. रुक्मिणीने वरणाचं पातेलं जरा जोरातच ठेवलं. चंद्रप्रकाश भात कालवत राहिले. मग हळूच म्हणाले, "उद्या सकाळी हॉस्पिटलात मी येतो तुझ्याबरोबर. बाहेर बसायला कुणीतरी हवं."

"या."

"राग गेला म्हणायचा का?"

"नीलम शुद्धीवर येऊ दे," रुक्मिणी म्हणाली, "मग विचारा. आणि तो आरती फोल्डर जेवण झाल्याबरोबर माझ्यासमोर उघडायचा."