कापलेला खोकला

व्हर्नर केल्गोर हट्टी माणूस. पंचवीस वर्षं माहितीपट काढले, पण बड्या लोकांकडे त्याने कधी कॅमेरा वळवला नाही. मासळी साफ करणाऱ्या बाया, म्हातारे खलाशी, गोदीतले वेल्डर, हीच त्याची माणसं. कोपनहेगनला बक्षीस घ्यायलाही तो कोपरावर विरलेल्या स्वेटरमध्ये गेला होता. बायकोने चार दिवस त्याच्याशी अबोला धरला.

त्याचं नाव झालं ते १९७४ सालच्या पहिल्याच माहितीपटाने. फ्योर्डच्या खाडीकाठी अॅस्बेस्टॉसच्या पत्र्यांचा कारखाना होता. थोरकिल नावाचा कामगार तिथल्या जेवणघरात राय धान्याचा काळा पाव हातात धरून धुळीबद्दल चार मिनिटं बोलतो. युनियनच्या सभांतून ती फिल्म देशभर फिरली आणि कारखान्याला धूळ ओढणारे पंखे बसवावेच लागले.

पुढच्या वर्षी थोरकिल गोदीत कामाला लागला. चोवीस वर्षांनी फुप्फुसाच्या आजाराने तो गेला, तेव्हा त्याची बायको बिर्थे कोर्टात उभी राहिली. माझा नवरा तुमच्या धुळीने मेला, एवढं कारखान्याने कबूल करावं, हाच तिचा हट्ट. कारखान्याचा वकील म्हणाला, आजार गोदीतला, जहाजांवरही अॅस्बेस्टॉस असायचंच. पुरावा म्हणून त्याने व्हर्नरचीच फिल्म लावली. माणूस चार मिनिटं बोलतोय आणि एकदाही खोकत नाही.

व्हर्नरला खरं ठाऊक होतं. थोरकिल दर दोन वाक्यांना खोकायचा. त्याचं म्हणणं लोकांना नीट ऐकू यावं म्हणून व्हर्नरनेच ते खोकले कापले होते, आणि जोड दिसू नये म्हणून तिथे त्याच्या हातांची दृश्यं लावली होती. साक्षीत त्याने काही लपवलं नाही. हात दिसले की तिथे खोकला होता, असं अकरा वेळा, तो म्हणाला. न्यायाधीशांनी कापलेले तुकडे मागितले. ते तेव्हाच कचऱ्यात गेले होते. मग या फिल्ममधलं खरं काय मानायचं, वकिलाने शांतपणे विचारलं.

निकाल बिर्थेच्या विरुद्ध लागला. पायऱ्यांवर व्हर्नर माफी मागू लागला, तिने हातानेच थांबवलं.

“तुझ्या मनात पाप नव्हतं, ठाऊक आहे मला,” ती म्हणाली. “पण इतकी वर्षं शेजारच्या उशीवर मी तो खोकला ऐकला. तुला एक दुपार सोसवला नाही?”

घरी येऊन व्हर्नरने फिल्म लावली. हात अकरा वेळा आले, आणि प्रत्येक वेळी थोरकिलचा आवाज अगदी स्वच्छ होता.