एका हाताने खेळायचा मॉड

वाशिंदजवळच्या एका कारखान्यात प्रेस मशीनखाली माझ्या उजव्या हाताची तीन बोटं गेली आणि मी धसईच्या पुढे, आमच्या गावी आईजवळ येऊन राहिलो. कल्याणला राहणारा दादा एकदा त्याचा व्हीआर हेडसेट माझ्याकडे ठेवून गेला. डोळ्यांवर लावला की त्याला गरगरायचं. त्यात एक गेम होता. गाणं सुरू झालं की समोरून दोन रंगांचे ठोकळे अंगावर येतात. दोन्ही हातांत धरायचे कंट्रोलर गेममध्ये तलवारी होतात; ठेक्यावर त्यांनी ठोकळे कापायचे, एक रंग डाव्या हाताने, दुसरा उजव्या.

माझ्या उजव्या हातात कंट्रोलर टिकेना. अर्धे ठोकळे तसेच निघून जायचे. मग मी जुना लॅपटॉप काढला. कारखान्यात मशीनचे प्रोग्राम लावायचो, त्यामुळे भीती नव्हती. गेममध्ये लोक बाहेरून स्वतःचे बदल घालतात, त्यांना मॉड म्हणतात. इतरांचे मॉड उघडून बघत बघत दोन महिन्यांत मी माझा केला: सगळे ठोकळे डाव्या हाताचे. माजघरातल्या तांदळाच्या गोणी भिंतीकडे सारून पहिलं गाणं पुरं केलं, तेव्हा आई दारात उभी होती. तिला मी नुसता हवेत हात मारताना दिसत होतो. बरं वाटतं ना, एवढंच तिने विचारलं.

मॉड मी नेटवर सगळ्यांसाठी ठेवला. थोड्याच लोकांनी घेतला. त्यांत परदेशातली एक निवृत्त शिक्षिका होती, अर्धांगवायूने उजवी बाजू गेलेली. गेमचं अपडेट आलं की कंपनी लिहायची, गेम आता अधिक स्थिर झालाय. आणि दर वेळी आमचे मॉड बंद पडायचे. दुसऱ्या दिवशी त्या बाईंचा निरोप ठरलेला: "पुन्हा बंद पडलं. तुम्ही आहात ना?"

आहे, असं मी लिहायचो. गावात मोठं काही डाउनलोड होत नाही, म्हणून लॅपटॉप, हेडसेट, सगळं पिशवीत घालून जीपने धसईला जायचं, चहाच्या टपरीवर बसून अपडेट उतरवायचं, घरी येऊन काय मोडलं ते शोधायचं. दोन-तीन दिवस जात. त्या दिवसांत सकाळी उठावंसं वाटे. कोणी नोकरीचं विचारलं तर आई सांगायची, त्याचं काम चालू हाय.

तीन वर्षं असं चाललं. मॉडशिवाय त्या बाई आणि मी दुसरं काही बोललो नाही.

या हिवाळ्यातल्या अपडेटनंतर बाईंचा निरोप आला नाही. दोन दिवस वाट पाहून मी धसईला गेलो. या वेळी कंपनीनेच एका हाताने खेळायची सोय दिली होती. घरी येऊन लावून पाहिली. माझ्यापेक्षा चांगली होती. दोन ठोकळे एकदम आले की माझ्या मॉडमध्ये एक गाळावा लागे. इथे ते एकामागून एक येत, ठेका न चुकता. मला ते कधी जमलं नव्हतं.

आईने विचारलं, आज लवकर आटपलं का. मी म्हटलं, आता ते कोणाला लागत नाय. त्या मास्तरीणबाईंनापण? तिने विचारलं. त्यांनापण नाय.

ती थोडा वेळ तांदूळ पाखडत राहिली. मग म्हणाली, "तुजा हात असा हाय, ते त्यांना ठावं हाय का रे?"

नव्हतं. मी दयाळू आहे म्हणून लोकांसाठी खपतो, असं बाईंनी एकदा लिहिलं होतं आणि मी ते तसंच राहू दिलं होतं.

त्या संध्याकाळी मी त्यांना सगळं लिहिलं. कारखाना, बोटं, मॉडवर पहिलं गाणं मीच खेळलो होतो ते. मॉडच्या पानावर वर एक ओळ टाकली, आता गेमचीच सोय वापरा.

आठवडा गेला, महिना गेला, उत्तर आलं नाही. बाई आता त्या पानावर येत नसणार. यायचं कारणच उरलं नव्हतं. वाल तयार झाले तेव्हा मी आईबरोबर शेतावर जाऊ लागलो. शेंगा डाव्या हाताने तोडता येतात. वरच्या बांधावर थोडी रेंज येते. तिथे पोचलो की मोबाईल काढून बघायचो, आणि पुन्हा खिशात ठेवायचो.