मॉडेमवर आडनाव

नव्या कम्प्युटरच्या आतल्या भागांवरची कंपनीची स्टिकरं सोलून तिथे गुलाबी नेलपॉलिशने 'पाटील' लिहिणारी जळगावातली पहिली बाई मी. दुसरी झाली नसावी.

तेव्हा मला तो शहाणपणा वाटला होता. नवं पातेलं आणलं की गॅसवर धरून स्टिकर काढायचं, मग नाव घालून घ्यायचं, ही आमच्या घरची रीत. त्यात शेजारीण म्हणाली, "दुरुस्तीला दिला की आतले भाग बदलतात हो." मग काय, ह्यांच्या नकळत डबा उघडला आणि जिथे सपाट जागा दिसली तिथे पाटील!

पुढे ह्यांनी विंडोज नव्याने टाकलं. फोनच्या तारेतून इंटरनेट आणणाऱ्या मॉडेमची सीडी हरवलेली. कम्प्युटरने पिवळं प्रश्नचिन्ह काढलं, 'अननोन डिव्हाइस'. इतके दिवस घरात राहून ओळख दाखवायला तयार नाही! आणि त्याच दिवशी मस्कतहून लेकीचा फोन. बाळाचा पहिला फोटो ई-मेलने पाठवलाय. आमच्या सासूबाई, अक्का, पडद्यासमोर पाट मांडूनच बसल्या. "पोऱ्या कोनावर गया शे?"

ह्यांनी कम्प्युटरवाल्या सलीमभाईंना बोलावलं.

"चिपवरचा नंबर मिळाला की मॉडेम चालवणारा ड्रायव्हर शोधतो, भाभी. माझ्याकडे सीड्या आहेत." त्यांनी मॉडेमचं कार्ड उपसलं. उलटसुलट पाहिलं. "ही पाटील कंपनी नवीन निघाली का?"

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी पंख्याकडे.

"त्यात काय, पुसून देते," म्हणत मी रिमूव्हर आणलं आणि कापसाने चांगलं घासलं. पाटील गेले. सोबत नंबरालाही घेऊन गेले.

मग मला धुळ्याचा भाऊ आठवला. त्याचा कम्प्युटर त्याच दुकानातला, जुळा म्हणा ना. फोन लावला. "दिगू, डबा उघड आणि मॉडेमवरचा नंबर वाच."

तिकडून स्क्रू काढल्याचा, डबा सरकल्याचा आवाज आला.

"ताई, इथं गुलाबी रंगात 'देवरे' लिहिलंय."

(भाऊबीजेला गेले होते. भावाचं नुकसान कसं होऊ देणार?)

"थांब, रिमूव्हर आणतो."

"नको!" फोनला कान लावलेले हे, सलीमभाई आणि मी, तिघंही ओरडलो.

बिचाऱ्याने नखाने खरवडत एकेक आकडा सांगितला. ड्रायव्हर सापडला, मॉडेम किरकिरलं आणि फोटो वरून खाली पट्टीपट्टीने उतरू लागला. जावळ. कपाळ. डोळे. माझेही भरून आले. मग नाक.

अक्कांनी चष्मा सारखा केला, पडद्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "नाक तुनं शे, व माय. अक्कल तेवढी त्याना बापनी येवो."