अर्जंट म्हणजे किती अर्जंट

आमच्या घरात अर्जंट हा शब्द मिठासाठी वापरला जायचा. "अगं, वाण्याकडून अर्जंट मीठ आण," असं आई स्वयंपाकघरातून ओरडायची आणि मी कादंबरीतून डोकं वर न काढता "आणते" म्हणायचे. वडिलांच्या तोंडी तो फायलींसाठी असायचा. बाजारात तर विचारूच नका. फोटो स्टुडिओवर पाटी होती, 'अर्जंट फोटो मिळतील', आणि मिळायचे दुसऱ्या दिवशी संध्याकाळी. ब्लाऊज शिवणारी आमची शेजारीण तर सरळ म्हणायची, "अर्जंट आहे ना? मग परवा ये." एकूण काय, या शब्दाला पनवेलमध्ये कुणी भीक घालत नव्हतं.

नव्वद साल यायच्या थोडं आधी मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर म्हणून लागले आणि तिथे मात्र या शब्दाला मान होता. आज सांगितलं तर कुणाला खरं वाटत नाही, पण तेव्हा बाहेरगावी बोलायचं तर आधी आमच्याकडे ट्रंक कॉल बुक करायला लागायचा. मग आम्ही बोर्डावर कॉर्ड खोचून पुण्याला विचारायचं, पुण्याने सोलापूरला विचारायचं, सोलापूरने पुढच्या गावाला. लाइन मोकळी असेल तर बोलणं व्हायचं. नसेल तर माणूस फोनपाशी बसून राहायचा, कधी तास, कधी अख्खी दुपार. साधा कॉल तो ऑर्डिनरी. त्याच्या दुप्पट पैसे भरले की अर्जंट, म्हणजे सगळ्या ऑर्डिनरींच्या पुढे नंबर. आणि आठपट भरले की लायटनिंग. तो बहुतेक कुणी गेल्याचं कळवायलाच लागायचा, त्यामुळे तो बुक झाला की आमच्या खोलीतली बडबड आपोआप थांबायची.

दुप्पट पैसे म्हटल्यावर लोक जरा विचार करून बोलतील, असं मला वाटलं होतं. कसलं डोंबल! भात गिरणीचे शेठ रोज अर्जंट. कळंबोलीचे ट्रान्सपोर्टवाले दिवसातून तीनदा अर्जंट, कारण न्हावा शेव्याचं बंदर नुकतं सुरू झालं होतं आणि त्यांचा एक तरी ट्रक कुठेतरी अडकलेला असायचाच. नव्या वसाहतीत राहायला आलेल्या बँकवाल्यांच्या बायकांचंही अर्जंटच. मी मुळात तापट. कानाला हेडफोन लावून दिवसभर "अहो ताई, अर्जंट आहे हो" ऐकून माझं डोकं फिरायचं. "सगळ्यांचंच अर्जंट असतं, रांगेत आहात," असं मी फाडकन बोलायचे आणि समोरचा गप्प झाला की मला जरा बरंही वाटायचं.

आमच्या सुपरवायझर बाई माझ्या बरोबर उलट्या. पन्नाशीच्या, ठेंगण्या, नऊवारीतून नुकत्याच पाचवारीत आलेल्या, आणि आवाज असा की ऐकणारा आपोआप खाली बसून बोलायला लागावा. आम्हा ऑपरेटरांत एक रीत होती. लाइनवर एकमेकींना नावाने हाक मारायची नाही, गावाने मारायची. "पुणे, पनवेल बोलतेय. सोलापूर देता का?" वर्षानुवर्षं बोलायच्या, पण एकमेकींचं तोंड कुणी पाहिलेलं नसायचं. कुठल्याही गावाने "पनवेल, मोठ्या बाई आहेत का?" असं विचारलं की मला आधी हेवा वाटायचा आणि मग अभिमान.

कुणी अर्जंट म्हटलं की बाई त्याच्यावर कधी खेकसल्या नाहीत. त्या फक्त विचारायच्या, "कधीपर्यंत लागला तर चालेल?" एवढंच. पण या प्रश्नाने काय जादू व्हायची! गिरणीवाले शेठ विचार करून म्हणायचे, "चारपर्यंत चालेल बाई." म्हणजे घाई होती, निकड नव्हती. आणि एखादी बाई बारीक आवाजात म्हणायची, "आत्ता नाही लागला तर मग नकोच." ती निकड. अर्जंट या एकाच शब्दात लोक दोन्ही भरून पाठवतात, बाई म्हणायच्या, ते वेगळं करणं आपलं काम. मला तेव्हा हे फारच सोज्वळ वाटायचं. मी मनात म्हणायचे, या बाईंना कधी राग येतो की नाही?

त्या जानेवारीत, संक्रांतीच्या आदल्या दिवशी, पुण्याकडच्या लाइनींत बिघाड होता. सोलापूरकडे जायला एकच लाइन चालू, आणि तिच्यावर ही रांग. दुपारी जेवणानंतर आमच्या पब्लिक कॉलच्या खिडकीशी एक म्हातारी आली. आपटा गावाच्या पुढे डोंगराच्या कडेला कातकऱ्यांची वाडी आहे, तिथून ती चालत आणि मग एसटीने आली होती. कडेवर तीनेक वर्षांची नात, नाक वाहतंय, केस तांबूस, बोटं तोंडात. खिडकीवर मीच होते.

"बाय, अर्जंट लाव," ती म्हणाली. इंग्रजी शब्द एवढा एकच, पण तो तिला पक्का माहीत होता.

"कुठे लावू?"

"बार्शीला. इटांच्या भट्टीवर माझी लेक हाय, जावय हाय. शेठच्या घरात फोन हाय म्हणं."

नंबर? नंबर नाही. शेठचं आडनाव तेवढं मजूर नेणाऱ्या मुकादमाच्या बायकोने तिला सांगितलेलं, ते ती रस्ताभर पुटपुटत आली होती. मी कपाळाला हात लावला. मग विचारलं, "काय झालंय? कोण आजारी आहे?"

"कोन नाय आजारी," म्हातारी म्हणाली. "समदी बरी हाय. त्येच सांगायचं हाय."

मग हळूहळू कळलं. दिवाळीनंतर वाडीतली निम्मी माणसं भट्ट्यांवर गेली होती. ही नात आजीपाशी ठेवली होती. मधे वाडीत गोवराची साथ आली, दोन पोरं गेली. ही वाचली. पण वाडीवरून भट्टीवर परत गेलेल्या एका गड्याने तिकडे लेकीला सांगितलं की तुझी पोर गेली. घरं शेजारी शेजारी, पोरी एकाच वयाच्या, त्याने बाहेरूनच रडणं ऐकलं आणि ते हिच्या घरातलं समजून निघून गेला. आता लेकीने अन्न सोडलंय, उठत नाही, पाणीसुद्धा तोंडात जबरदस्तीने घालतात, असा निरोप कालच्या ट्रकवाल्याबरोबर आला होता. म्हणून ही पोरीलाच उचलून घेऊन आली होती. पोर जिवंत आहे हे पोरीनेच सांगावं, म्हणून.

 तिच्याकडे ऑर्डिनरी कॉलचेच पैसे होते. मी धावत आत बाईंकडे गेले. "बाई, हा आधी घुसवू या. मधेच लावून टाकते. कोण बघतंय?"

बाईंनी सगळं ऐकून घेतलं. डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या, मी पाहिलं. पण म्हणाल्या, "आपण इथे काय करतो ते रांगेतल्या माणसाला दिसत नाही गं. म्हणून तर त्याला विचारायचं."

"विचारायचं? अहो, ते काय हो म्हणणार आहेत! मी अर्जंटचे पैसे भरते. लायटनिंगएवढे नाहीत माझ्याकडे."

"भर. अर्जंटमध्ये हिच्या पुढे तीन आहेत. त्या तिघांचंही अर्जंटच आहे."

मला इतका संताप आला की हातातली पेन्सिल मोडली. बाई दोन कॉलांच्या मधल्या फटीत शांतपणे कॉर्ड खोचून आधी बार्शीला पोचल्या. कॉल लावायला नव्हे, ऑपरेटर आपसात दोन शब्द बोलतात तेवढ्यापुरतं. "बार्शी, पनवेल बोलतेय. वीटभट्टीवाले अमुक शेठ माहीत आहेत का? नंबर काढून ठेव, आणि त्यांना सांग, पनवेलकडची मजूर बाई, पोर गेली म्हणून अन्न सोडलेली, तिला घरात फोनपाशी आणून बसवा. उठत नसली तर उचलून आणा." बार्शीने एवढंच विचारलं, "मोठ्या बाई का? आणवते."

मग बाईंनी रांगेतल्या तिघांना एकेक करून फोन केला. गिरणीवाले शेठ म्हणाले, "अहो, मला काय विचारता, लावा." नव्या वसाहतीतल्या बाईंचा कॉल सोलापूरला आईकडे होता. गुळपोळी लाटताना फुटते, सारणात काय घालायचं, हे विचारायला दुप्पट पैसे भरून बसल्या होत्या बिचाऱ्या. सगळं ऐकून त्या इतक्या ओशाळल्या की म्हणाल्या, "माझा रद्दच करा हो. फुटू देत पोळ्या." आणि बाई त्यांना म्हणाल्या, "रद्द नको, नंतर लावते. वर्षाचा सण आहे." मला हसावं की रडावं कळेना.

तिसरे ट्रान्सपोर्टवाले. ते म्हणाले, "नाही बाई. माझा आधी."

झालं! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मेल्याचं काळीज आहे की कंटेनर, असं मी मोठ्याने म्हणाले. बाईंनी माझ्याकडे फक्त एकदा बघितलं आणि फोनवर म्हणाल्या, "ठीक आहे शेठ. तुमचा नंबर पहिलाच आहे. लावते." आणि लाइन मोकळी झाल्याबरोबर त्यांचाच लावला, चोख, आवाज स्वच्छ येतोय का तेही विचारलं. नंतर मला म्हणाल्या, "त्याच्या ड्रायव्हरला तिकडे नाक्यावर कालपासून बसवून ठेवलंय. त्या ड्रायव्हरच्या घरीही कुणीतरी वाट बघतंय ना? आपण विचारलं, त्याने नाही म्हटलं. विचारायचं म्हणजे 'नाही' ऐकायची तयारी ठेवायची." मी चडफडत बोर्डाकडे वळले. पण त्या दिवसापासून मी त्या बाईंना मनोमन पायाच पडत आले आहे, हे आता सांगून टाकते. मी आयुष्यात पुष्कळ हुशार माणसं पाहिली. दुसऱ्याच्या घाईचाही मान ठेवणारं माणूस मी ते एकच पाहिलं.

ट्रान्सपोर्टवाल्यांचं बोलणं आटपलं. "झालं माझं," ते म्हणाले. "आता म्हातारीचा लावा लवकर." लवकर म्हणे!

बाई उठल्या. स्वतःचा हेडफोन माझ्या कानाला लावला, "लाइन धर, सोडू नकोस," म्हणाल्या आणि बाहेर जाऊन म्हातारीला आणि पोरीला घेऊन बोर्डाला लागून असलेल्या लाकडी बूथमध्ये शिरल्या. दाराच्या काचेतून तिघी मला दिसत होत्या. मी म्हटलं, "पुणे, सोलापूर द्या. सोलापूर, बार्शी द्या." बार्शी म्हणाली, "पनवेल, आणलंय तिला. बोला."

म्हातारी रिसीव्हरमध्ये ओरडली, "आगं, पोर जिती हाय! तुझी पोर जिती हाय! दुसऱ्याची गेली, तुझी नाय!"

 पलीकडून एक आवाज, वाळलेला, लांबून आल्यासारखा. "मला उठवाय खोटं सांगतंस, आये."

"नाय गं! हितं हाय माझ्या कडंवर!"

"खोटं सांगतंस. समदी खोटं सांगत्यात. मी नाय येत उठून."

म्हातारीने रिसीव्हर पोरीच्या कानाला लावला. "बोल, बाय. आयेला बोल. आये म्हन." पोरीने त्या काळ्या वस्तूकडे पाहिलं आणि तोंड घट्ट मिटलं. आयुष्यात कधी पाहिली नव्हती तसली वस्तू. बाईंनी पर्समधून लिमलेटची गोळी काढली. पोरीने ती तोंडात टाकली आणि आणखीच गप्प झाली. बाई गुडघ्यावर बसल्या, टाळ्या वाजवल्या, चिऊकाऊ केलं. छे! पोर गोळी चघळत बघत राहिली. माझ्या कानात त्या आईचा श्वास ऐकू येत होता, आणि मग ती म्हणाली, "ठेव आये. ऱ्हाऊ दे आता." बोर्डावरच्या घड्याळात एका कॉलची तीन मिनिटं संपत आली होती. मी काचेतून हात हलवून बाईंना खुणावत होते, लवकर, लवकर, ती ठेवतेय! 

तेवढ्यात म्हातारीने पोरीच्या मांडीला एक सणसणीत चिमटा काढला.

पोरीने जो काही गळा काढला म्हणता! गोळी तोंडातून पडली, तोंड आकाशाएवढं उघडलं, रडता रडता मधे श्वास अडकून एक उचकी यायची आणि पुन्हा टिपेचा सूर. बाई पोरीला उचलून घ्यायला पुढे झाल्या.

आणि माझ्या कानात ती आई ओरडली, "तीच हाय! तिचीच उचकी हाय ती! आये, तिला गप करू नको, आजून रडव!"

मी काचेवर थाप मारून बाईंना थांबवलं. तीन मिनिटं होऊन गेली होती. पुण्याने टोकलं नाही, सोलापूरने टोकलं नाही. बूथमध्ये पोर हंबरडा फोडून रडत होती, बाई हात मागे घेऊन उभ्या होत्या, आणि पलीकडे ती आई कुणाला तरी सांगत होती, "भाकर द्या मला. भाकर हाय का?"