बारा नंबरच्या बाई

मी पुण्यातल्या एका केबल वाहिनीवर बातम्या वाचतो. कोणत्या बातम्या, ते पुढे येईलच. 'वाचतो' हा शब्द मात्र मी जपून वापरतोय. आमच्यातले काही जण स्वतःला पत्रकार म्हणवतात. मी वाचतो. कॅमेऱ्यासमोरच्या काचेवर अक्षरं वर सरकत जातात, ती तोंडाने म्हणायची आणि दर तीन ओळींनी मान गंभीरपणे हलवायची. एवढ्या भांडवलावर मंडईतल्या भाजीवाल्या मावशी मला दोन मिरच्या जास्त घालतात आणि वर म्हणतात, "टीव्हीवर बरे उजळ दिसता."

हे काम एकदा अंगवळणी पडलं की डोळे आणि तोंड आपापसात उरकून घेतात. डोक्याला कुणी विचारत नाही. माझं डोकं संध्याकाळी सात ते साडेसात या वेळात बहुतेक भेळेपाशी असायचं. शहराची पाणीकपात मी चिंचेच्या पाण्याचा विचार करत वाचलेली आहे, आणि प्रेक्षकांना तो चेहरा चिंताग्रस्त वाटलेला आहे.

माझ्याकडे चेहरे एकूण तीन. एक पाणीकपातीचा, एक मॅच जिंकल्याचा आणि एक दुःखाचा. तिन्ही बाईंनी शिकवले.

बाई म्हणजे आमच्या वाहिनीच्या पहिल्या वृत्तनिवेदिका. स्टुडिओ तेव्हा मंडईजवळ, भांड्यांच्या एका दुकानाच्या वर होता. खाली पातेली आपटायची आणि वर बाई शांतपणे अर्थसंकल्प वाचायच्या. एकदा वीज गेली, तर मेणबत्ती लावून त्यांनी उरलेल्या बातम्या पुऱ्या केल्या. कॅमेरा बंद होता, अख्ख्या पेठेतले टीव्ही बंद होते. मी विचारलं, "बाई, ऐकतंय कोण?" त्या म्हणाल्या, "तू ऐकतोयस ना? मग बस." मी तेव्हा नवा होतो. पहिल्याच दिवशी नमस्कार करताना कॉलरचा माइक पाडून पुढची दहा मिनिटं मी मूकपणे बातम्या दिल्या होत्या. असा मनुष्य बाईंनी हाताशी धरला आणि बोलता केला.

साडेनऊ वर्षांपूर्वी मालकांना ताजे चेहरे हवेसे वाटले. बाईंना एका शुक्रवारी सांगितलं की सोमवारपासून येऊ नका. ताजा चेहरा म्हणून सोमवारी मला बसवलं. मी तेव्हा पंचेचाळीस वर्षांचा होतो. बाई पर्स घेऊन निघाल्या तेव्हा त्यांच्याबरोबर खालपर्यंत जायला हवं होतं. मी मेकअपच्या खोलीत नाकाला पावडर लावत थांबलो. नाकाला काहीही झालेलं नव्हतं. जिन्यातून बाईंचा आवाज आला, "या पायऱ्या मी परत चढणार नाही." तो कुणाला उद्देशून होता, हे मी विचारायला गेलो नाही.

आता लोणच्याबद्दल सांगायला हवं.

शहरातली मोठी माणसं थकली, आजारी पडली, की त्यांचा मृत्युलेख आम्ही आधीच लिहून ठेवतो. सगळ्याच वाहिन्या ठेवतात. आमच्याकडे त्याला 'लोणचं घालणं' म्हणतात, कारण ते बरणीत मुरत राहतं आणि लागेल तेव्हा काढता येतं. प्रत्येकाला नंबर दिलेला असतो. हे खातं माझ्याकडे होतं, कारण माझी भाषा ओघवती आहे, असं माझंच मत होतं. बाईंची अँजिओप्लास्टी झाली त्या आठवड्यात मी त्यांचं लोणचं घातलं. भेटायला नाही गेलो. लोणचं घातलं. नंबर बारा.

दीड वर्षापूर्वी एका शनिवारी सातचं बातमीपत्र चालू असताना निरोप आला की एक वयोवृद्ध पैलवान वारले. जाहिराती चालू होत्या. काच चालवणाऱ्या मॅडमनी कानातल्या यंत्रातून विचारलं, "सर, पैलवान कितवे?" समोर यादी होती. बघायला दोन सेकंद लागले असते. पण सगळे नंबर मला तोंडपाठ आहेत, हे त्यांना कळावं असं मला फार वाटायचं.

"बारा," मी म्हणालो.

पैलवान अकरा होते.

जाहिराती संपल्या. मी दुःखाचा चेहरा लावला. 'एक पर्व संपलं' अशी सुरुवात होती, म्हणजे लेखन माझंच, याची खात्री पटली आणि डोकं निर्धास्तपणे भेळेकडे निघून गेलं. रेकॉर्डिंग मी नंतर पाहिलं. त्यात बाईंचं नाव मी खणखणीत वाचलंय. 'या वाहिनीचा पहिला आवाज' हेही वाचलंय. मध्ये एकदा स्वतःच्या वाक्यावर खूश होऊन डोळे किंचित मिटलेत. मग शेवटी आलं, 'त्यांच्या पश्चात पती आणि मोठा शिष्यवर्ग आहे.' पैलवानांना पती कसा, या प्रश्नासरशी माझं डोकं भेळेवरून धावत परत आलं.

तोवर पडद्यावर बाईंच्या फोटोला हार चढला होता. मी काय करावं? मी दोन सेकंद मान खाली घातली आणि म्हणालो, "आता पाहू या हवामान."

सात पस्तीसला फोन वाजला.

"नमस्कार. आपण आत्ता ज्यांना श्रद्धांजली वाहिलीत, त्या बोलतेय."

"बाई..."

"अंत्ययात्रा कधी आहे, ते सांगायचं राहिलं आपलं. लोक विचारतायत. मला काही कल्पना नाही."

बाई मला कायम 'तू' म्हणायच्या. 'आपण' ऐकून मी खुर्चीतून उठून उभा राहिलो.

"बाई, मी आत्ता येतो."

"या ना. सगळेच येतायत."

दुसरा फोन पैलवानांच्या नातवाचा. "आमच्या आजोबांनी काय घोडं मारलंय तुमचं?" हे एकच वाक्य बोलून त्याने फोन ठेवला. मग मालकांनी बोलावलं. मालक कधी ओरडत नाहीत. फाईल बंद करतात आणि बोलतात.

"उद्या सातला बाई तुमच्या शेजारी जिवंत बसलेल्या दिसल्या पाहिजेत. नाही आल्या, तर परवापासून तुम्ही सकाळी सहाचे बाजारभाव."

आमच्याकडे बाजारभाव म्हणजे हद्दपारी. पहाटे उठून मार्केट यार्डात जायचं, कांद्याच्या पोत्यांसमोर माइक घेऊन उभं राहायचं आणि मागून हमाल 'बाजूला व्हा' म्हणून खांद्याला धक्का देत असताना मेथीचा भाव सांगायचा. सातच्या बातम्या ही माझी शहरातली एकुलती एक ओळख होती. ती गेली असती, तर दोन मिरच्यासुद्धा गेल्या असत्या.

बाई धायरीला राहतात. सिंहगड रस्त्यावर स्कूटर रांगत होती आणि मी माफीची वाक्यं जुळवत होतो. ती सगळी 'एक पर्व संपलं'च्याच चालीत येत होती.

दार बाईंच्या यजमानांनी उघडलं. ते मितभाषी आहेत.

"बाई आहेत?" मी विचारलं.

"आहेत अजून."

आत बाई जेवणाच्या टेबलापाशी बसल्या होत्या. समोर तीन स्टीलचे डबे. मृत्यू झालेल्या घरी चूल पेटत नाही म्हणून शेजारी पिठलं-भात आणून देतात, ही आपल्याकडची रीत. सोसायटीने ती तत्परतेने पाळली होती.

"दार मीच उघडलं," बाई म्हणाल्या. "शेजारणी बघतच राहिल्या. पण केलेलं परत कसं न्यायचं म्हणून ठेवून गेल्या. या तिसऱ्या डब्यातल्या पिठल्यात गुठळ्या आहेत. माझ्यासाठी एवढी घाई, असं वाटून गेलं. बसा. आपण जेवायचे असाल."

"बाई, आपण नका म्हणू."

"यांचं ऐका," त्या यजमानांकडे बघून म्हणाल्या. "हे शेजारी बसून तुमचं बघत होते. टीव्हीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, परत टीव्हीकडे पाहिलं. विश्वास कुणावर ठेवावा, असं झालं त्यांना."

"तो तीस वर्षं खोटं बोलला नव्हता," यजमान म्हणाले. "टीव्ही."

मी खाली मान घालून माझ्या गुरूच्या मरणाचं पिठलं जेवलो. लसूण छान लागला होता, हे सांगायला धीर झाला नाही. मग उद्याचं सांगितलं, मालकांचं सांगितलं, बाजारभावांचंही सांगितलं. बाईंनी ऐकून घेतलं आणि हात पुढे केला.

"लेख आणलायस?"

'आणलायस' ऐकून मला रडू आलं असतं, पण तोंडात भात होता. मी कागद दिला. बाईंनी ड्रॉवरमधून तांबडं पेन काढलं आणि चष्मा लावला.

"किती मिनिटं?"

"एक चाळीस."

"त्या नगरसेवकाला अडीच दिली होतीस." तांबडी रेघ. "'मृदुभाषी.' मी कधी होते?" तांबडी रेघ. "'कधीही न भरून येणारी पोकळी.'" इथे पेन थांबलं. बाईंनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "ही तू सोमवारी सात वाजता भरलीस की."

मी पाण्याचा पेला उचलला. रिकामा होता. तरी प्यायल्यासारखं केलं.

त्या पुढे वाचत गेल्या आणि शेवटून तिसऱ्या ओळीवर परत थांबल्या. 'आठ वर्षांपूर्वी त्या स्वेच्छेने निवृत्त झाल्या.'

"हे कुणी सांगितलं तुला?"

"कुणी नाही, बाई."

"मग?"

"बरं दिसतं म्हणून लिहिलं."

यजमानांनी उगाच एक डबा उचलून बेसिनपाशी नेला.

"हे बघ," बाई म्हणाल्या, "जिवंतपणी मारलंस, त्याचं मला फारसं काही नाही. माणूस चुकतो. तू तर सवयीने चुकतोस. पण ही ओळ तू चुकून लिहिली नाहीस. उद्या मी येते. ही ओळ खरी करून तू वाचायचीस. तिथेच, सातला."

"मालक शेजारच्या खोलीत असतात."

"मग त्यांना नीट ऐकू येईल."

"आणि त्या पायऱ्या?"

"जागा बदललीत ना तुम्ही? लिफ्ट आहे?"

"आहे. पाचवा मजला."

"मग लिफ्टबद्दल मी काही बोलले नव्हते."

रविवारी बाई आल्या. निळी साडी, छोटी पर्स, बहुतेक तीच. मी दुपारीच ओळ लिहून काच चालवणाऱ्या मॅडमना दिली होती. सात वाजले, लाल दिवा लागला, काचेवर अक्षरं सरकू लागली. नमस्कार झाला, कालच्या चुकीची दिलगिरी झाली, आणि मग समोर आलं, 'आठ वर्षांपूर्वी स्वेच्छेने निवृत्त झालेल्या...'

मालकांनी वाचून ओळ पूर्वीसारखी करून घेतली होती.

बाईंनाही तीच काच दिसत होती. त्यांनी फक्त पदर नीट केला. आयुष्यभर मी समोर आलेलं वाचत आलो होतो आणि जिभेला दुसरं काही येतच नव्हतं. ती 'स्वे'पर्यंत जाऊनही आली. भेळ त्या दिवशी कुठेच आठवत नव्हती. मी काचेवरची नजर काढली.

"बाई स्वेच्छेने निवृत्त झाल्या नाहीत," मी म्हणालो. "त्यांना काढलं. त्यांच्या जागेवर तिसऱ्या दिवशी मी बसलो आणि आठ वर्षांत त्यांना एक फोन केला नाही. त्या वारल्याचं काल मी सांगितलं, तेही खोटं. आता बातम्या."

चेहरा कोणता लावायचा, हे ठरलेलं नव्हतं. रेकॉर्डिंगमध्ये मी भेळेत खडा लागल्यासारखा दिसतो.

पहिली बातमी बाईंनी वाचली. ती मी मॅडमकडून मुद्दाम लावून घेतली होती. नंबर अकरा. पैलवानांना बाईंनी पूर्ण दोन मिनिटं दिली. माझं 'एक पर्व संपलं' त्यांनी वाचता वाचताच गाळलं, आणि कुणाला चुकल्यासारखं वाटलं नाही.

बातमीपत्र संपल्यावर मालक दारात उभे होते. बाईंना त्यांनी वाकून नमस्कार केला आणि दर रविवारी याल का, म्हणून विचारलं. लोकांचे फोन आले असावेत.

"नको," बाई म्हणाल्या. "गेलेल्या माणसाला कामाला लावू नये."

मग मालक माझ्याकडे वळले. "यार्डात सकाळी गार असतं. स्वेटर घाला."

दीड वर्ष झालं. सहाच्या बाजारभावांना मी रोज पोत्यांसमोर उभा असतो. तिथे काच नाही. भाव विचारायचा, ऐकायचा आणि ऐकलेला सांगायचा, त्यामुळे डोक्याला हजर राहावं लागतं. हमाल आता धक्का देण्याआधी 'साहेब' म्हणतात, मग देतात. मंडईतल्या मावशी मिरच्या घालतच नाहीत. "भाव तुम्हाला ठाऊक आहे की," म्हणतात.

बाई धायरीहून रोज बघतात. सव्वासहाला त्यांचा फोन असतो. कोथिंबीर म्हणताना घाई केलीस. कांद्याला दुःखाचा चेहरा कशाला? महिन्यातून एकदा मी जेवायला जातो, आणि यजमान दार उघडून "आहेत अजून" म्हणतात. आता तो आमचा नमस्कारच झालाय.

परवा जेवताना बाई म्हणाल्या, "तुझं लोणचं मी घालून ठेवलंय."

मी विचारलं, "किती मिनिटांचं?"

"सव्वीस सेकंद."

"दाखवा तरी."

"तेव्हा ऐकशील." त्यांनी माझ्या पानात पिठलं वाढलं. "एवढंच सांगते. तू सातच्या बातम्या सोडल्यास ना, तिथे 'स्वेच्छेने' लिहिलंय. ते कापलेलं नाही मी."

गुठळ्या होत्या. मी सांगितलं. बाईंनी त्या चमच्याने मोडून दिल्या.